इच्छेची मुदत

आपल्या समाजात ‘इच्छा’ हा शब्द काहीशा संशयानेच ऐकला जातो. इच्छा म्हणजे बंधन, इच्छा म्हणजे दुःखाचे मूळ, हे आपण लहानपणापासून प्रवचनांत ऐकत आलो आहोत आणि ते असत्य नाही. परंतु श्रावकाच्या पाचव्या अणुव्रताला परिग्रह-परिमाणाबरोबरच इच्छा-परिमाण असेही म्हणतात, आणि या नावातील महत्त्वाचा शब्द ‘परिमाण’ हा आहे. इच्छेचा समूळ क्षय हा साधूंचा मार्ग झाला. गृहस्थाला सांगितले आहे ते इच्छेला माप घालणे. उपासकदशांग सूत्रात आनंद श्रावकाची कथा येते. चार कोटी सुवर्णमुद्रा ठेव म्हणून, चार कोटी व्यापारात, चार कोटी घरसंसारात, दहा दहा हजार गायींचे चार गोकुळ, पाचशे नांगरांची शेती, अशी मर्यादा त्याने भगवंतांसमोर स्वतः उच्चारून घेतली. संपूर्ण सेवाकाळ बँकेत आकडे मांडण्यात गेला असल्याने मला ही कथा विशेष जवळची वाटते. आनंदाला कोणी दरिद्री होण्यास सांगितले नाही. त्याला विचारले गेले ते इतकेच की, तुझी रेषा कोठे आहे? आणि ती रेषा त्याने आपल्या हाताने ओढली.

हे सारे धनाच्या बाबतीत आपल्याला समजते. पण माणसाची इच्छा धनाची नसून वेगळेच काही होण्याची असेल तर? तिला कोणते माप लावायचे? आमच्या कुटुंबात गेल्या दिवाळीला असा एक प्रश्न उपस्थित झाला, त्याकडे मी पुढे येतो. त्या निमित्ताने मी ‘नटरंग’ हा मराठी चित्रपट पुन्हा एकदा शांतपणे पाहिला. खेडे, परंपरा आणि एका माणसाची इच्छा या तिन्हींचा संघर्ष इतक्या प्रामाणिकपणे मांडणारा दुसरा मराठी चित्रपट मला तरी चटकन आठवत नाही.

‘नटरंग’ १ जानेवारी २०१० रोजी प्रदर्शित झाला. कोल्हापूर जिल्ह्यातील कागलचे सुपुत्र आणि ‘झोंबी’कार डॉ. आनंद यादव यांच्या कादंबरीवर तो आधारलेला आहे. दिग्दर्शक रवी जाधव यांचा हा पहिलाच चित्रपट, आणि त्याला मराठीतील सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अजय-अतुल यांच्या संगीताने तो घरोघरी पोहोचला. अनेकांना चित्रपटापेक्षा त्यातील लावण्याच अधिक आठवतात. कथा मात्र लावणीची नाही. ती गुणा कागलकर नावाच्या एका शेतमजुराची आहे. अतुल कुलकर्णी यांनी ही भूमिका केली आहे. पिळदार शरीराचा, तालमीत घुमणारा हा तरुण दिवसभर दुसऱ्याच्या शेतात राबतो आणि मनाने तमाशाच्या फडात वावरतो. आपण राजाची भूमिका करावी, हे त्याचे स्वप्न.

चित्रपटातील एका घटनेकडे प्रेक्षकांचे फारसे लक्ष जात नाही. माझे गेले, कारण ती घटना मी टेबलाच्या दुसऱ्या बाजूने पाहिली आहे. मालकाच्या विहिरीवर विजेचा पंप बसतो आणि गुणाचे काम जाते. १९६९ साली चौदा मोठ्या बँकांचे राष्ट्रीयीकरण झाले. त्यानंतर खेडोपाडी शाखा उघडल्या आणि शेतीकर्जात विहीर आणि पंप यांना मोठे स्थान मिळाले. माझ्या नोकरीची सुरुवातीची काही वर्षे पश्चिम महाराष्ट्रात गेली. तेथे पंपाच्या कर्जाची प्रकरणे आठवड्याला येत. मोटेची जागा पंपाने घेतली, बैलांचे कष्ट वाचले, उसाला वेळेवर पाणी मिळाले. या सर्वांची नोंद आमच्या कागदांत होती. ज्या हातांनी मोट हाकली जात होती त्या हातांचे पुढे काय झाले, याचा रकाना त्या अर्जात नव्हता. गुणा हा त्या नसलेल्या रकान्यातील माणूस आहे. हाताला काम नाही, पोटात भूक आहे आणि मनात जुनी हौस आहे. अशा वेळी तो मित्रांना गोळा करून तमाशाचा फड उभा करायला निघतो. त्याची इच्छा केवळ छंद नव्हती, तिच्या एका टोकाला भाकरीही बांधलेली होती, हे विसरून त्याचा न्याय करता येणार नाही.

फड उभा राहण्यासाठी नाचणारी बाई मिळते, पण ती एक अट घालते. फडात ‘नाच्या’ हवा. नाच्या म्हणजे बायकी हावभाव करून हसवणारा पुरुष. तमाशाच्या परंपरेत त्याचे स्थान जुने आहे, आणि त्याच्याशिवाय खेळ रंगत नाही असे मानले जाते. फडातील एकही पुरुष ही भूमिका घ्यायला तयार होत नाही. अखेर राजा होऊ पाहणारा गुणाच नाच्या होतो. तो आपले कमावलेले शरीर उतरवतो, चाल बदलतो, आवाज बदलतो. खेळ गाजतो. आणि ज्या गावाला तो खेळ आवडतो, तेच गाव दिवसाउजेडी गुणाची चेष्टा करते. त्याच्या मुलाला चिडवले जाते, पत्नीला मान खाली घालावी लागते, आणि गुणाच्या वाट्याला अपमानाच्याही पलीकडचे अत्याचार येतात. त्याच गुणाला म्हातारपणी कलेतील योगदानासाठी भर समारंभात पुरस्कार दिला जातो. शाल मिळते, टाळ्या मिळतात. गेलेले घर परत मिळत नाही.

सामान्यतः अशा कथेकडे आपण ‘परंपरा विरुद्ध व्यक्ती’ म्हणून पाहतो. मला ते पुरेसे वाटत नाही. गुणा परंपरा मोडायला निघालेला नाही. तमाशा हीच तर परंपरा! नाच्या हे परंपरेनेच निर्माण केलेले पात्र. गावाला ते पात्र हवे आहे, फक्त ते होणारा माणूस आपल्या घरचा नको आहे. म्हणजे येथे परंपरेचा दुष्काळ नाही, आदराचा आहे.

आणि हा आदर सर्वांना सारखा नाकारला गेला असेही नाही. ज्या महाराष्ट्राने नाच्याला हिणवले त्याच महाराष्ट्राने नारायणराव राजहंस यांना ‘बालगंधर्व’ म्हणून डोक्यावर घेतले. तेही पुरुषच आणि तेही स्त्रीभूमिका करणारेच. त्यांचे शालू, त्यांचे दागिने, त्यांची केशरचना पाहून प्रतिष्ठित घरांतील स्त्रिया आपला पेहराव ठरवीत. १९६४ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. योगायोग असा की, ‘नटरंग’नंतर रवी जाधव यांनीच २०११ मध्ये ‘बालगंधर्व’ हा चित्रपट केला आणि सुबोध भावे यांनी ती भूमिका साकारली. हे दोन चित्रपट एकामागोमाग पाहावेत अशी माझी वाचकांना विनंती आहे. एकाच प्रकारची कला, परंतु एक संगीत नाटकाच्या मखमली पडद्यामागे आणि दुसरी गावाबाहेरच्या माळावर कनातीत. एकीला मुजरा, दुसरीला शिवी. भेद कलेत नव्हता. तो कोणाच्या जातीचा, कोणाच्या कुळाचा आणि कोणाच्या खिशाचा नट आहे यात होता. आपण अनेकांतवाद सांगणारे लोक. एकाच वस्तूला अनेक बाजू असतात हे मान्य करताना, आपण स्वतः कोणत्या आसनावर बसून तिच्याकडे पाहत आहोत, हेही तपासायला हवे.

नटाच्या जीवनाविषयी आपल्या कथाभांडारात एक अतिशय बोलकी कथा आहे. इलायचीकुमाराची कथा आपल्यापैकी अनेकांनी पाठशाळेत ऐकली असेल. श्रीमंत शेठच्या घरी नवसाने जन्मलेला हा मुलगा गावात आलेल्या नटांच्या खेळातील मुलीवर मोहित झाला. तिच्या पित्याने धन नाकारले आणि अट घातली की, आमच्यात राहा, आमची कला शीक, एखाद्या राजाला प्रसन्न करून धन मिळव, मग मुलगी देऊ. आईवडिलांनी पुष्कळ समजावले. त्याने ऐकले नाही. शेठचा मुलगा बांबूवर चढून कसरती करू लागला. पुढे एका राजासमोर खेळ मांडला. राजाही त्याच मुलीवर मोहित झाला होता. नट पडावा आणि मुलगी आपल्याला मिळावी, या विचाराने तो प्रत्येक वेळी म्हणू लागला की, माझे नीट लक्ष नव्हते, खेळ पुन्हा कर. थकलेला इलायचीकुमार बांबूच्या टोकावर असताना त्याची दृष्टी एका घराच्या दारी गेली. एक रूपवती स्त्री मुनिराजांना मोदक वाहोरवीत होती आणि मुनिराजांची नजर वर उठत नव्हती. त्या एका दृश्याने त्याचे अंतर बदलले आणि तेथेच, त्या बांबूवरच, त्याला केवलज्ञान झाले.

या कथेतील दोन गोष्टी मला ‘नटरंग’ पाहताना आठवत राहिल्या. पहिली म्हणजे अट. गुणालाही अट घातली गेली आणि इलायचीकुमारालाही. मोठी इच्छा कधीच फुकट मिळत नाही. ती माणसाला बदलून घेते. दुसरी गोष्ट म्हणजे तो राजा. त्याचे नाव सहसा कोणी लक्षात ठेवत नाही, पण प्रेक्षक म्हणून आपण सर्व त्या राजाच्या शेजारी बसलेले असतो. ‘पुन्हा कर’ असे म्हणणारा तो खेळाची स्तुती करत नसतो, नटाच्या पडण्याची वाट पाहत असतो. गुणाच्या गावातील लोक टाळ्याही वाजवतात आणि त्याच्या पडण्याची वाटही पाहतात. आणि हेही ध्यानात घेण्यासारखे आहे की, आपल्या आचार्यांनी ही कथा सांगताना नटाला तुच्छ लेखले नाही. केवलज्ञान त्याला खेळ टाकून घरी परतल्यावर झाले नाही. ते कलेच्या ऐन टोकावर झाले. बाराव्या शतकात आचार्य हेमचंद्रांचे शिष्य रामचंद्र यांनी गुणचंद्रांसह ‘नाट्यदर्पण’ हा नाट्यशास्त्रावरील ग्रंथ रचला. रंगभूमी आपल्याला परकी आहे असे मानण्याचे कारण नाही.

आता थोडे आपल्या परिसराकडे येतो. ‘नटरंग’ची भूमी कोल्हापूरकडची आहे, परंतु गोंदियाच्या माणसाला अशी कथा समजावून सांगावी लागत नाही. गोंदिया, भंडारा, गडचिरोली आणि चंद्रपूर या धानाच्या पट्ट्याला झाडीपट्टी म्हणतात आणि झाडीपट्टी म्हटले की नाटक आलेच. दंडार आणि खडी गंमत हे येथील जुने लोकप्रकार. त्यांत स्त्रीपात्रे पुरुषच रंगवीत. त्यांच्या शेजारी पुढे रात्रभर चालणारी नाटके उभी राहिली. दिवाळी झाली की गावोगावी मंडई भरते. लेकी माहेरी येतात, पाहुणे मुक्कामाला येतात, सोयरिकीच्या गोष्टी निघतात आणि रात्री नाटकाचा पडदा उघडतो. वडसा, म्हणजे देसाईगंज, हे या रंगभूमीचे केंद्र. तेथील मंडळ्या हंगामभर गावोगावचे प्रयोग करतात. २०२२ मध्ये ‘झॉलीवूड’ हा चित्रपट याच रंगभूमीवर निघाला आणि २०२३ मध्ये झाडीपट्टीचे ज्येष्ठ कलावंत परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली. मंडईच्या दिवसांतील शंकरपटाविषयी, बैलांच्या शर्यतीविषयी, अहिंसा मानणाऱ्या माझ्या मनात प्रश्न आहेत आणि ते राहतील. नाटकाविषयी मात्र मला नेहमीच कौतुक वाटत आले आहे.

या कौतुकाचे एक कारण आहे. येथील नाटकाला हंगाम आहे. मृग लागला की शेतकरी पऱ्हे टाकतो, पाऊस झाला की रोवणी करतो, हलका धान आधी आणि भारी धान नंतर कापतो. धान घरात आल्यावरच तो तोंडाला रंग लावतो. उन्हाळा लागला की रंग पुसून पुन्हा बांधीकडे वळतो. आता पूर्ण वेळ नाटकावर पोट भरणारे कलावंतही आहेत आणि ते योग्यच आहे. परंतु या रंगभूमीची मूळ घडण धानाच्या वेळापत्रकाने केली. ज्या परंपरेने हौसेला जागा दिली, तिनेच हौसेला मुदतही घालून दिली. ग्रंथांचे नावही न ऐकलेल्या शेतकऱ्यांनी इच्छा-परिमाणाचा हा केवढा सुंदर व्यवहार उभा केला!

पूर्वी अर्जुनी-मोरगाव भागातील एका शाखेत मी असताना असा एक कलावंत आमचा खातेदार होता. चार एकर धान आणि दंडारीत बाईची भूमिका, असा त्याचा संसार. दिवाळीनंतर तो मिशी उतरवी आणि शिमग्यानंतर पुन्हा राखी. त्याच्या मिशीवरून शाखेतील शिपाई हंगाम ओळखत असे. प्रयोगाची बिदागी घेऊन तो बँकेत येई तो एकटा नव्हे. बरोबर पत्नी असे. पैसे तिच्या नावावरील खात्यात जमा होत, पासबुक तिच्या पिशवीत जाई. एकदा मी त्याला सहज विचारले की, तुझ्या कमाईचे खाते तुझ्या नावावर का नाही? तो हसला आणि त्याने पत्नीकडे बोट दाखवले. उत्तर तिने दिले. रात्रभर नाटक ते करतात, त्या रात्रभर घर, जनावरे आणि म्हातारी सासू मी पाहते. मग अर्धे नाटक माझे झाले की नाही? मी तिला म्हणालो की, हिशेब बरोबर आहे.

गुणाच्या घरी नेमका हाच हिशेब कोणी मांडला नाही. ‘नटरंग’मध्ये मला सर्वांत अधिक अस्वस्थ करते ती गुणाची पत्नी. विभावरी देशपांडे यांनी ही भूमिका अतिशय संयमाने केली आहे. समीक्षक गुणाच्या त्यागाविषयी बोलतात. परंतु त्याने शरीर दिले, प्रतिष्ठा दिली ती स्वतःच्या इच्छेसाठी. त्याच्या पत्नीची तर ती इच्छाही नव्हती, आणि तरीही तिला तितकीच किंमत मोजावी लागली. बँकेच्या भाषेत सांगायचे तर कर्ज एकाने घेतले आणि जामीनदार म्हणून सही न करताच दुसरी व्यक्ती हप्ते फेडत राहिली. बालगंधर्वांच्या चरित्रातही असा प्रसंग आहे. १९११ साली ‘संगीत मानापमान’च्या पहिल्या प्रयोगाच्या दिवशी त्यांची लहान मुलगी गेली आणि तरीही त्यांनी प्रयोग केला. कर्तव्यनिष्ठेचे उदाहरण म्हणून हा प्रसंग नेहमी सांगितला जातो. त्या रात्री घरी तिच्या आईजवळ कोण होते, हे मात्र सांगणारे क्वचित विचारतात.

म्हणून मला वाटते की, इच्छा चांगली की वाईट, परंपरेला धरून की सोडून, हे प्रश्न दुय्यम आहेत. पहिला प्रश्न असा असावा की, हिची किंमत कोण मोजणार आहे आणि त्याला विचारले आहे का? आपल्या धर्मात तर दीक्षेसारखी सर्वोच्च इच्छादेखील आईवडिलांच्या आणि कुटुंबीयांच्या अनुमतीशिवाय पुढे नेत नाहीत. श्वेतांबर परंपरेतील कथेनुसार, आईवडील हयात असेपर्यंत दीक्षा घ्यायची नाही असा संकल्प भगवान महावीरांनी गर्भातच केला होता. ते दिवंगत झाल्यावर भगवंतांनी थोरले बंधू नंदिवर्धन यांच्याकडे अनुमती मागितली. शोकाकुल नंदिवर्धनांनी आणखी दोन वर्षे थांबण्याची विनंती केली आणि भगवंत थांबले. दिगंबर परंपरेत चरित्राचा हा भाग वेगळा आहे, याची मला जाणीव आहे. परंतु आशय दोहोंना मान्य व्हावा असा आहे. जे तीर्थंकर होणार होते त्यांनीही विचारले.

आता आमच्या घरातील प्रश्न. माझ्या धाकट्या भावाचा तांदळाचा व्यापार आहे. गिरण्यांच्या या गावात आमच्या दोन पिढ्या त्याच व्यवसायात गेल्या. नोकरी करणारा घरातला मी पहिला. भावाची मुलगी वाणिज्य शाखेच्या शेवटच्या वर्षाला आहे. शिक्षण संपल्यावर पुण्यास जाऊन नाटकाचे रीतसर शिक्षण घ्यायचे आणि पुढे तेच करायचे, असे तिने दिवाळीच्या पाडव्याला सर्वांसमोर सांगितले. घरात जे व्हायचे ते झाले. आईने रडून घेतले, भावाने दोन दिवस अबोला धरला. आपल्या घरात असे कधी झाले नाही, समाजात काय सांगायचे, उद्या लग्नाच्या गोष्टी करताना लोक काय विचारतील, हे सर्व बोलून झाले. अखेर थोरला म्हणून निर्णय माझ्याकडे आला.

मी दोघांना, म्हणजे भावाला आणि मुलीला, शेजारी बसवून ‘नटरंग’ दाखवला. चित्रपट संपल्यावर वर लिहिलेला विचार मी तिला सांगितला. गुणाने घरच्यांना विश्वासात घेतले असते, पत्नीला विचारले असते, तर कदाचित त्याचे घर वाचले असते, असे मी म्हणालो. ती थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, ‘मोठे बाबा, विचारायला समोर ऐकणारे कोणीतरी लागते ना? उत्तर आधीच ठरलेले असेल तर कोण विचारेल? मी विचारले, तर पप्पा माझ्याशी दोन दिवस बोलले नाहीत.’

भावाने मान खाली घातली. मीही निरुत्तर झालो, आणि हे मान्य करण्यात मला संकोच नाही. आम्हा वडीलधाऱ्यांना अनुमतीची कथा फार आवडते, कारण तिच्यात अधिकार आमच्याकडे असतो. परंतु त्याच कथेत नंदिवर्धनांनी काय केले, हे आम्ही नीट वाचत नाही. त्यांनी नकार दिला नाही. त्यांनी मुदत मागितली. तीही अमर्याद नव्हे, दोन वर्षांची. दोन वर्षे पूर्ण झाल्यावर तिसरे मागितले नाही. आणि भगवंत त्या काळात रुसून बसले नाहीत. घरात राहूनही पुढच्या जीवनाची साधना करत राहिले. विचारणाऱ्याचा धर्म आणि ज्याला विचारले त्याचा धर्म, दोन्ही या एका प्रसंगात आहेत. लहानाने विचारावे. मोठ्याने वेळ मागावा, वाटल्यास काळजी बोलून दाखवावी, अट घालावी. पण वेळेच्या नावाखाली इच्छा कुजवू नये.

त्या रात्री आम्ही तिघांनी बसून एका कागदावर काही गोष्टी लिहिल्या. ती पदवी चांगल्या रीतीने पूर्ण करील. हिवाळ्यात या भागातील नाटके, रात्रभर बसून, वडिलांबरोबर पाहील. म्हणजे या क्षेत्रातले कष्ट तिलाही दिसतील आणि त्यातली प्रतिष्ठा वडिलांनाही. पुण्याच्या शिक्षणाचा आणि तेथे राहण्याचा खर्च किती, त्यातला कोणी किती उचलायचा आणि किती वर्षे, हे आकड्यांत मांडले. मुलीने आपल्या हाताने एक ओळ जोडली की, पाच वर्षांत या कामावर स्वतःचे पोट भरता आले नाही तर ती पुन्हा सर्वांसमोर बसून विचार करील. आनंद श्रावकाने ओढली तशी ही तिची रेषा. आम्ही कोणी ती ओढायला सांगितली नव्हती.

तिच्या आईने त्या कागदावर सही केली नाही. ती म्हणाली, ‘तुम्ही तिघांनी ठरवले; मला अजून कोणी विचारलेले नाही.’ खरे होते. दुसऱ्या दिवशी मुलगी आईजवळ स्वयंपाकघरात दोन तास बसली. काय बोलणे झाले ते आम्हाला सांगितले गेले नाही. संध्याकाळी कागदावर चौथी सही होती आणि खाली एक अट वाढली होती. दर महिन्याला एकदा घरी यायचे, आणि पहिल्या प्रयोगाला आईला पहिल्या रांगेत बसवायचे.

या हिवाळ्यात बापलेकीने सहा नाटके पाहिली. एका पहाटे गारठून परतल्यावर भाऊ मला म्हणाला की, ज्या बाईने रात्रभर राणीची भूमिका केली ती पहाटे पडद्यामागे आपल्या लेकराला थोपटत बसलेली दिसली, आणि आपण तिला हात जोडले. तो अजून पूर्णपणे राजी नाही, हे मला ठाऊक आहे. समाजातील दोन-तीन ज्येष्ठांनी मलाही टोकले आहे. त्यांना मी इतकेच सांगतो की, पर्युषणात मुलांची नाटुकली बसवून आपणच त्यांना टाळ्या देतो, इलायचीकुमाराची भूमिका करणाऱ्या मुलाला बक्षीस देतो. ज्या मंचावर आपण मुलांना दहा वर्षे उभे करतो त्या मंचाची लाज अकराव्या वर्षी वाटू लागली, तर दोष मंचाचा नाही.

आमच्या कागदावरील मुदत येत्या जूनमध्ये संपते. पदवीचा निकाल तोपर्यंत लागलेला असेल आणि झाडीपट्टीत पऱ्हे टाकायची लगबग सुरू झालेली असेल. मुलीने आपला शब्द पाळला आहे. आता पाळायचा आहे तो आम्ही.